अर्धागुण सरांचं मंत्रिपद

पहिल्याच दिवशी सरांनी मला विचारलं, "बाई, अल्पविराम कुठे द्यायचा ते कळतं का तुम्हाला?"

मी म्हटलं, "कळतं."

"मग बाकीचं शिकवता येईल."

अभियांत्रिकी कॉलेजच्या यंत्र विभागात मी टायपिस्ट म्हणून लागले त्याची ही सुरुवात. पुढची एकोणीस वर्षं मी सरांच्या हाताखाली काढली. चौदा कॉलेजात आणि पाच मंत्रालयात. त्यांच्याबद्दल बरंच छापून आलं, बरंवाईट दोन्ही. त्यातलं निम्मं माझ्या बोटांखालून गेलेलं आहे, म्हणून मी सांगते.

मुलं त्यांना 'अर्धागुण' म्हणायची. उत्तरापुढे एकक लिहिलं नाही, अर्धा गुण गेला. आकृतीला बाण नाही, अर्धा गुण. चाळीसला पास असायचं आणि साडेएकोणचाळीस मिळालेला मुलगा नापास व्हायचा. तो रडकुंडीला येऊन दारात उभा राहिला की सर त्याला आत बोलवायचे, खुर्ची द्यायचे, पेपर त्याच्यापुढे उघडायचे आणि गेलेला एकेक अर्धा गुण त्याच्याच तोंडून मोजून घ्यायचे. मोजून झालं की म्हणायचे, "बेरीज बरोबर आहे ना? मग तुझी तक्रार माझ्याविरुद्ध नाही, बेरजेविरुद्ध आहे. तिच्याकडे जा." बाहेर येऊन मुलं माझ्या टेबलापाशी पाणी प्यायची. मी त्यासाठी एक तांब्या भरूनच ठेवायचे.

एका मुलीचे वडील परीक्षेच्या आठवड्यात वारले. ती तरी परीक्षेला बसली आणि दोन गुणांनी राहिली. सर तिला म्हणाले, "मला खरंच वाईट वाटतं. पण त्याला गुण नसतात." हे त्यांनी हळू आवाजात, मनापासून म्हटलं होतं. म्हणूनच ते मला विसरता आलं नाही.

पक्षपात मात्र औषधाला नव्हता. त्यांचा सख्खा भाचा त्यांच्याच विषयात गचकला. बहिणीनं राग धरला तो धरलाच. सर कुणाकडून साधं कॅलेंडर घ्यायचे नाहीत. विभागातली सगळी माणसं त्यांना भ्यायची आणि सगळ्यांना त्यांचा अभिमानही होता.

ते फक्त एका माणसासाठी खुर्चीतून उठायचे. तो माणूस म्हणजे त्यांचे गुरू, आम्ही त्यांना थोरले सर म्हणायचो. नदीच्या मुखापाशी एक छोटीशी जलसंस्था होती, तिचे ते संचालक. संचालक म्हणजे काय, ते, दोन मदतनीस आणि एक नावाडी. दर मंगळवारी नावेतून जाऊन ठरलेल्या चाळीस ठिकाणी वजन बांधलेली दोरी सोडायची, नदीचा तळ किती खोल आहे ते मोजायचं आणि वहीत लिहायचं. एकतीस वर्षांत एकही मंगळवार चुकला नव्हता. महिन्यातून एकदा ते कापडी बूट घालून आमच्या विभागात यायचे आणि दारातूनच विचारायचे, "काय रे, आज किती मारलेस?" सर चक्क लाजायचे.

आमचे हे त्याच विभागात टर्नर होते. विभागाला जोडून सरांनी उभं केलेलं एक संशोधन केंद्र होतं. तिथे धातूचे तुकडे यंत्रात ताणून तोडायचे आणि किती ताणाला तुटले ते नोंदवायचं. ते तुकडे लेथवर घडवायचं काम ह्यांचं. केसाइतका फरक चालत नसे. सर ह्यांच्या हातावर खूश होते, आणि आमचं लग्न जमलं तेव्हा म्हणाले होते, "चांगलं आहे. दोघंही बिनचूक."

सर मंत्री झाले ते एका बॉयलरमुळे. एका कारखान्यात बॉयलर फुटून माणसं गेली. सरकारनं चौकशी समिती नेमली आणि तिच्यावर सरांना घेतलं. बाकीचे सदस्य बोटचेपे बोलत होते. सर टीव्हीवर आले, सांधा कुठे नीट जोडलेला नव्हता ते फळ्यावर खडूनं काढून दाखवलं आणि म्हणाले, "हा अपघात नाही. हा आळस आहे." लोकांना हे फार आवडलं. पुढच्या निवडणुकीनंतर पंतप्रधानांना एक स्वच्छ चेहरा हवा होता. सरांना फोन आला. विज्ञान खातं.

ते मला म्हणाले, "बाई, तिथे माझं अक्षर वाचणारं कुणी नाही. येता का?" मी गेले. सरकारी नोकरी, मोठी इमारत. कोण नाही म्हणेल?

मंत्रालयातली आमची खोली तिसऱ्या मजल्यावर होती. जाड गालिचा, दोन पंखे, एक न चालणारं घड्याळ. सरांनी पहिल्या दिवशी स्टुलावर चढून घड्याळ स्वतः काढलं आणि संध्याकाळपर्यंत दुरुस्त केलं. खात्याचे सचिव दारात उभे राहून हसत बघत होते. सचिव बारीक, गोड बोलणारा माणूस. चार मंत्री त्यांच्या डोळ्यांदेखत आले आणि गेले होते.

सहा महिन्यांनी काम आलं. खात्याकडे सव्वीस संशोधन संस्था होत्या, त्यातल्या नऊ बंद करायच्या. पंतप्रधानांनी सरांना घरी चहाला बोलावून सांगितलं. ते परत येऊन सचिवांशी बोलत होते तेव्हा मी समोर लिहून घेत होते.

सचिव म्हणाले, "साहेब, यात फार डोकं घालू नका. दोन दिवस फोन येतील. ज्यांच्यासाठी फोन येणार नाही त्या नऊ."

सर म्हणाले, "हा अन्याय आहे."

"मग कसं ठरवायचं?"

"गुण देऊन."

तीन महिने खपून त्यांनी एक तक्ता बनवला. शंभर गुणांचा. शोधनिबंधांना इतके, पेटंटला इतके, कारखान्यांना उपयोग किती याला इतके, तरुण संशोधक किती याला इतके. पन्नासच्या खाली गेलेली संस्था बंद. कुणाचा फोन नाही, कुणाची ओळख नाही. तक्त्याबरोबर एक परिपत्रक होतं. त्यातलं सातवं कलम असं की यापुढे सरकारनं फक्त मान्यताप्राप्त संस्थांची मोजमापं ग्राह्य धरावीत, बाहेरची नाहीत. सर इतके आनंदात मी कधी पाहिले नव्हते. टाइप करताना मलाही वाटलं, इतकं स्वच्छ काम या इमारतीत कधी झालं नसेल.

मग गुण भरून आले. सव्वीस ओळी. मी टाइप करत गेले. एकोणिसाव्या ओळीवर सरांचं स्वतःचं केंद्र होतं, आमच्या ह्यांचं. एक्केचाळीस गुण. सर गेल्यापासून तिथून एकही निबंध निघाला नव्हता. तेविसाव्या ओळीवर थोरल्या सरांची जलसंस्था. अठ्ठेचाळीस.

माझी बोटं थांबली. सर मागे उभे होते.

"बाई, हे जाहीर होईपर्यंत घरी बोलायचं नाही."

"हो सर."

"मला माहीत आहे ते. पण मी सांगायला हवं, म्हणून सांगितलं."

पंतप्रधान यादी बघून हसले म्हणे. "स्वतःचं घर तरी ठेवा हो प्रोफेसर." सर म्हणाले, "माझ्या घराला एक्केचाळीस पडलेत." वर्तमानपत्रांनी हे वाक्य डोक्यावर घेतलं. आपलंच केंद्र बंद करणारा मंत्री म्हणून पहिल्या पानावर फोटो आला.

यादी जाहीर व्हायला तीन आठवडे लागले. ते तीन आठवडे मी घरी स्वयंपाक करत होते, कपडे वाळत घालत होते, आणि हे रोज मला सांगत होते की लेथला नवीन पकड बसवतोय, पुढच्या वर्षी किती काम सोपं होईल. मी "हं" म्हणायचे. ह्यांना बातमी दुपारी केंद्रात रेडिओवर कळली, सगळ्यांबरोबर. घरी आले, चपला काढल्या, तिथेच उभे राहिले.

"तू टाइप केलंस?"

"हो."

"कधी?"

"तीन आठवडे झाले."

ते आत गेले आणि त्या दिवसापासून त्यांनी मला माझ्या कामाबद्दल एक अक्षर विचारलं नाही. दोन महिन्यांनी त्यांना नदीपलीकडे पंप दुरुस्तीच्या दुकानात काम मिळालं. ज्या हातांनी केसाइतका फरक पकडला ते आता गंजके नट सोडवत होते. रोज सकाळी बस पकडून ते मुखाजवळच्या जुन्या पुलावरून जायचे.

थोरले सर मंत्रालयात आले ते यादीनंतर आठव्या दिवशी. वेळ घेऊन आले होते, सगळ्यांसारखे बाहेरच्या बाकावर पाऊण तास बसले होते. त्यांना बघून सर उठले. ते शेवटचं उठणं.

"बस रे," थोरले सर म्हणाले. "दोन वर्षं दे मला. नदी पात्र बदलतेय. आत्ता नोंद तुटली तर एकतीस वर्षांचा काही उपयोग नाही."

"सर, अठ्ठेचाळीस आहेत."

"हो, वाचलं मी. आम्ही निबंध लिहीत नाही. आम्ही मोजतो. मोजण्याला तुझ्या तक्त्यात रकानाच नाही."

"दोन गुणांसाठी तुम्हाला सोडलं तर बाकीच्या आठ जणांना मी काय तोंड दाखवू?"

थोरले सर खिडकीबाहेर बघत राहिले. मला वाटलं, आता सर विरघळतील. पण ते न विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर देऊ लागले.

"शेवटच्या वर्षी तोंडी परीक्षेत तुम्ही मला तीन गुण वाढवून दिलेत. मला तेव्हाही कळलं होतं. ते चुकीचं होतं सर. मी नापासच व्हायला हवा होतो."

म्हातारा माणूस हळूच उठला. "मी ते विसरलो होतो," ते म्हणाले. "आणि तू नापास झाला असतास तर बरं झालं असतं असं मला आजवर कधी वाटलं नव्हतं."

ते गेले. सरांनी पुढची फाईल मागितली.

संस्थेला कुलूप लागलं. नाव लिलावात गेली, ओळखपत्रं जमा करून घेतली, वह्या पोत्यांत भरून कुठल्याशा तळघरात टाकल्या. महिन्याभरानं माझ्या टेबलावर एक पाकीट आलं. आत एक कागद, त्यावर तारीख, मंगळवार आणि अकरा आकडे. खाली थोरल्या सरांची सही. नाव उरली नव्हती आणि धक्क्यावर पहारेकरी येऊ देत नव्हता, म्हणून ते जुन्या पुलाच्या कठड्यावरून दोरी सोडून खांबांपाशी खोली मोजत होते. अकरा खांब, अकरा आकडे.

मी कागद आत नेला. सरांनी सही पाहिली, आकडे पाहिले नाहीत.

"उत्तर पाठवू नका."

"फाईलला लावू?"

"शिक्का मारून ठेवून द्या. आणि बाई, पुढचे आले तर मला दाखवू नका."

पुढचे आले. दर आठवड्याला एक. मी आवक शिक्का मारायचे, तारीख घालायचे आणि खालच्या खणात ठेवायचे. मला त्या आकड्यांतलं काही कळत नव्हतं, आणि खरं सांगायचं तर कळून घ्यायची इच्छाही नव्हती. जवळजवळ दीड वर्षानं पाकिटं थांबली. मग संस्थेच्या जुन्या नावाड्याचं पत्र आलं. वेड्यावाकड्या अक्षरात.

थोरले सर पुलावर चक्कर येऊन पडले होते. दोरी मनगटाला गुंडाळलेली होती, लोकांना वाटलं, मासे धरणारा कुणी म्हातारा असेल. खिशात ओळखपत्र नव्हतं. सरकारी दवाखान्यात चार दिवस व्हरांड्यातल्या खाटेवर बिननावाचे पडून होते. पाचव्या दिवशी गेले. नावाडी शोधत शोधत पोचला तेव्हा पायाच्या अंगठ्याला चिठ्ठी बांधलेली होती, 'अनोळखी, वय सत्तरच्या पुढे.'

मी पत्र सरांपुढे ठेवलं. ते भाषण तपासत होते. वाचलं, चष्मा काढला, पुसला, परत घातला. मग म्हणाले, "शेवटचा आकडा कधीचा आहे?"

मला वाटलं, माझ्या ऐकण्यात काही चुकलं.

"नोंद कुठपर्यंत आहे, बाई? आणा ती पाकिटं."

एकाहत्तर पाकिटं निघाली. सरांनी दार लावून घेतलं, भेटी रद्द केल्या, आलेखाचा कागद मागवला आणि एकेक बिंदू मांडत बसले. कित्येक वर्षांनी मला माझे कॉलेजातले सर दिसले. चार वाजता त्यांनी मला बोलावलं. कागदावर दहा रेघा जवळजवळ सपाट होत्या. एक रेघ खाली उतरत गेली होती.

"हा तिसरा खांब," ते म्हणाले. "याच्या पायाखालची रेती नदीनं ओढून नेलीय. साडेचार मीटर. हा उभा राहायला आता काही कारण उरलेलं नाही."

पूल बांधकाम खात्याचा. सरांनी त्या मंत्र्यांना फोन लावला, मग सचिवांना बोलावलं. सचिव आलेखाकडे आदरानं बघत राहिले.

"साहेब, ही मोजमापं कुठल्या संस्थेची?"

"थोरल्या सरांची."

"ते कळलं. संस्था कुठली?"

सरांनी आलेखाचा कागद स्वतःकडे ओढला.

"नाही, मी एवढ्यासाठी विचारतो, की बांधकामवाले आपल्याच परिपत्रकावर बोट ठेवतील. कलम सात. मान्यता नसलेली मोजमापं ग्राह्य धरू नयेत. आपणच सही केलीय." त्यांच्या आवाजात कुत्सितपणा नव्हता. त्यांना खरोखरच अडचण दिसत होती.

पंतप्रधानांनी ऐकून घेतलं आणि समिती नेमली. तीन आठवड्यांत पाणबुडे उतरवून अहवाल द्यायचा. तोवर पूल चालू. "बंद केलेल्या संस्थेचे आकडे दाखवून पूल बंद केला, तर लोक विचारतील, मग संस्था बंद का केली?" हे वाक्य सरांनीच मला सांगितलं.

मी एवढंच म्हटलं, "सर, खाली पत्रकार बसलेले असतात."

"अधिकृत झाल्याशिवाय बोललो तर ती अफवा होते बाई."

"पण तुम्हाला खात्री आहे ना?"

"आहे."

मी वही मिटून टाइपरायटरपाशी परत गेले. ते का थांबले यावर मी नंतर खूप विचार केला. नियमासाठी थांबले असं ते स्वतः मानत होते. मला वाटतं, पत्रकारांपुढे पहिलं वाक्य काय म्हणावं लागेल ते त्यांना दिसत होतं, आणि ते वाक्य त्यांच्या तोंडून निघणारं नव्हतं.

त्या संध्याकाळी मी घरी ह्यांना म्हटलं, "अहो, उद्यापासून वरच्या मोठ्या पुलावरून जा."

"तासाचा वळसा आहे."

"असू दे."

"का?"

"विचारू नका. पण जा."

त्यांनी मान डोलावली. दुसऱ्या दिवसापासून ते तासभर लवकर निघू लागले.

नवव्या दिवशी, सकाळी आठ वाजून दहा मिनिटांनी, तिसरा खांब बसला. त्याच्या दोन्ही बाजूंचा रस्ता एका बससकट खाली गेला. चौदा माणसं. त्यातले दोघं ह्यांच्या दुकानातले. एक वेल्डर होता. हे त्याच बसनं जायचे तेव्हा तो रोज ह्यांच्यासाठी खिडकीची जागा धरायचा.

हे दुपारीच घरी आले. मोरीत बराच वेळ हात धूत बसले. बाहेर येऊन म्हणाले, "तुला माहीत होतं."

"हो."

"मला सांगितलंस ते बरं केलंस." ते खाटेवर बसले. "मी त्यांना का नाही सांगितलं? मी रोज वळसा घालत होतो. तो मला विचारायचा, काय रे, बस बदललीस? मी म्हणायचो, हवा खायला जातो. तू सांगितलं नाहीस तर निदान मी विचारायला हवं होतं. मला विचारायचंच नव्हतं."

मी त्यांच्या खांद्यावर हात ठेवायला गेले. त्यांनी तो दूर केला, पण रागानं नाही. एखादी वस्तू बाजूला ठेवावी तसा.

चौकशी एका निवृत्त न्यायाधीशांपुढे झाली. मोठ्या सभागृहात, खुर्च्यांवर त्या चौदा जणांचे नातेवाईक. मला तिसऱ्या दिवशी बोलावलं. पाकिटं टेबलावर रचून ठेवली होती.

"हे शिक्के तुमच्या हातचे?"

"हो."

"मंत्र्यांना दाखवलीत?"

"पहिलं दाखवलं, पुढची शेवटपर्यंत नाही. त्यांनी सांगितलं होतं, दाखवू नका."

"लेखी सांगितलं होतं?"

"तोंडी."

सरांचा वकील उठला आणि म्हणाला, बाई आपली चूक साहेबांवर ढकलत आहेत, हिच्या नवऱ्याची नोकरी त्या यादीत गेली, डूख धरून बसलीय. सरांनी त्याला हातानं खाली बसवलं.

"बाई सांगतात ते बरोबर आहे. मी तसंच म्हणालो होतो."

क्षणभर मला वाटलं, आता या माणसाबद्दल इथल्या लोकांना काहीतरी वाटेल. पण न्यायाधीश पुढचं वाचू लागले, "म्हणजे एकूण त्र्याहत्तर पत्रं," आणि सर म्हणाले, "एकाहत्तर. शिवाय ती पत्रं नाहीत, नोंदी आहेत." पहिल्या रांगेत एक म्हातारी बाई होती, बसच्या कंडक्टरची आई. तिनं शेजारच्या मुलीला मोठ्यानं विचारलं, "हा काय दुकानदार आहे का?" कुणी हसलं नाही.

पंतप्रधानांनी संसदेत सांगितलं की एका व्यक्तीच्या अहंकारापायी देशानं चौदा जीव गमावले. सरांना काढलं. सचिव राहिले. गुणांचा तक्ताही राहिला, पुढल्या वर्षी तो दवाखान्यांना लावला गेला. थोरल्या सरांच्या संस्थेसाठी नवी इमारत बांधली, काचेची. दारात त्यांचा अर्धपुतळा बसवला, बूट घातलेले पाय त्यात येतच नाहीत. आत संगणक आहेत. नाव अजून घेतलेली नाही. मला साक्षीनंतर अभिलेख विभागात टाकलं, तळघरात. निवृत्त होईपर्यंत मी तिथेच होते. एकतीस वर्षांच्या वह्या त्याच तळघरात असतील अशी मला आशा होती. त्या आधीच रद्दीत गेल्या होत्या.

सरांना कॉलेजनं परत घेतलं नाही. विभागप्रमुख त्यांचाच विद्यार्थी होता. त्यानं सभ्य भाषेत कळवलं की जागा नाही. एका पदविका विद्यालयात ते तासावर शिकवू लागले. तिथल्या मुलांना ते कोण हे ठाऊक नव्हतं. ज्यांना ठाऊक होतं ती मागच्या बाकावरून ठोकळ्यावर ठोकळा रचून पाडायची, आवाज करत. ते फळ्याकडे तोंड करून शिकवत राहायचे. हे मला तिथल्या शिपायानं सांगितलं.

मी निवृत्त झाल्यावर एकदा ते आमच्या घरी आले. तीन जिने चढून दमले होते. दार ह्यांनी उघडलं, ओळखलं, बसायला खुर्ची दिली, पाणी आणून दिलं आणि समोर उभे राहिले. सर म्हणाले, "तुमच्यासारखा टर्नर मला पुढे कधी भेटला नाही."

हे म्हणाले, "मी तिथेच होतो, साहेब." आणि आत निघून गेले.

सरांनी पिशवीतून कागदांचा गठ्ठा काढला. आत्मचरित्र लिहीत होते. पहिली दोनशे पानं झाली होती. "तुमच्याशिवाय कुणाला माझं अक्षर लागत नाही."

मी उभ्या उभ्या चाळलं. बॉयलरवर चाळीस पानं होती. गुणांच्या तक्त्यावर तीस, सूत्रांसकट. 'पद्धत निर्दोष होती, वजनं ठरवताना अनवधान झालं,' असं लिहिलं होतं. पूल दीड पानात उरकला होता. थोरले सर एका ओळीत होते आणि त्या ओळीत त्यांच्या वयाचा आकडा बरोबर होता.

"नाही सर," मी म्हटलं.

"का?"

"नाही जमणार."

ते थांबले. एखाद्या मुलानं उत्तर लिहून पायऱ्या दाखवल्या नाहीत की थांबायचे तसे. मी पायऱ्या दाखवल्या नाहीत. मग त्यांनी गठ्ठा पिशवीत नीट बसवला, कडा जुळवल्या आणि विचारलं, "मग दुसरं कुणी सुचवता?"

मी एका मुलीचा फोन नंबर लिहून दिला.

पुस्तक निघालं आणि त्यानंतर सहा महिन्यांत सर गेले. अंत्ययात्रेला नऊ माणसं होती. मी गेले नाही. पुस्तक आमच्या ह्यांनी वाचनालयातून आणलं, दोन दिवसांत बाहेरच्या खोलीत बसून वाचलं आणि परत करायला निघाले.

मी विचारलं, "कसं आहे?"

ते चपला घालत होते. "चुका नाहीत त्यात," ते म्हणाले आणि दार ओढून घेतलं.